एक मोजणी, अनेकांचे काम

मंडळी, हिंगणघाट हे नाव आपल्याला कापसाच्या बाजारामुळे ठाऊक आहे. पण त्या गावाची आणखी एक ओळख आहे. हिंदुस्थानची त्रिकोणमितीय मोजणी सुरू करणारा विल्यम लॅम्बटन हा नागपूरकडे जात असता २० जानेवारी १८२३ रोजी तेथेच वारला. त्याची कबरही तेथेच आहे. १८०२ साली त्याने मद्रासजवळ मोजणीला आरंभ केला होता. काळजीने मोजून ठरवलेल्या त्याच्या ठिकाणांचा उपयोग पुढे अनेकांना नकाशे काढताना झाला. मोजणी एकदाच, उपयोग सर्वांना!

आज आपली जागा सांगण्याचे काम जी.पी.एस.चे लहानसे यंत्र करते. सुमारे २०,२०० किलोमीटर उंचीवरून उपग्रह संदेश पाठवतात. निदान चार उपग्रहांचे संदेश मिळाले, की यंत्र अक्षांश, रेखांश आणि उंची काढते. ते संगणकाला जोडले, तर साधारणपणे दर सेकंदाला वेळ आणि जागा यांच्या ओळी तारेवाटे आत येतात.

आता अडचण पाहा. समजा, शाळेतली मुले गावातल्या विहिरींची नोंद करायला निघाली. संगणकावर एक प्रोग्रॅम नकाशा दाखवतो, दुसरा विहिरींची जागा टिपतो. पण यंत्र एकच! पहिला प्रोग्रॅम तारेचे दार अडवून बसतो आणि दुसऱ्याला आत येता येत नाही. काही संगणकांवर दोघांनाही प्रवेश मिळतो खरा, पण मग ओळींची वाटणी होते आणि दोघांच्याही हाती तुटक अक्षरे येतात.

मग करायचे काय? पूर्वी चावडीवरचा हुकूम कोतवाल एकदा ऐकून घेई आणि दवंडी देऊन गावभर कळवी. प्रत्येकाला चावडीवर जावे लागत नसे. तसाच एक मध्यस्थ प्रोग्रॅम संगणकात ठेवतात. यंत्राशी तो एकटाच बोलतो आणि आलेली माहिती मागेल त्या प्रोग्रॅमला देतो. लिनक्सवर जीपीएसडी नावाचा असा प्रोग्रॅम फुकट मिळतो. जाळ्याने जोडलेल्या दुसऱ्या संगणकालाही तो माहिती देऊ शकतो. विंडोजवर एका दाराची अनेक लटकी दारे करून देणारे प्रोग्रॅम आहेत. आपल्या मोबाईलमध्ये ही सोय मुळातच असते. म्हणून नकाशा आणि हवामान दोन्ही एकाच वेळी चालतात.

शिक्षकांनी एक मात्र ध्यानात ठेवावे. दवंडी चुकली, तर सारा गाव चुकतो. साध्या यंत्राची जागा उघड्यावरही काही मीटर इकडेतिकडे होते. झाडाखाली, भिंतीशेजारी अधिक. म्हणून मोकळ्या जागी थोडे थांबून नोंद घ्यावी. विहिरीच्या नोंदीला एवढे पुरते. पण बांधाचा तंटा त्यावर कोणी सोडवू नये बरं! त्यासाठी भूमी अभिलेख खात्याची मोजणीच मागवावी.