चौदा धावा आणि एकशे सत्तर विकेट्स

संध्याकाळी सातच्या सुमारास बर्डीवर एक चक्कर मारा. मेट्रोतून उतरलेली ऑफिसची गर्दी, व्हरायटी चौकातले हॉर्न, मेन रोडवरची घासाघीस आणि हातगाड्यांवर टांगलेल्या निळ्या जर्सी. कोहली आहे, रोहित आहे, धोनी तर असतोच असतो. 'यादव' नावाची जर्सी सापडलीच, तर ती बहुतेक सूर्यकुमारची निघते. गंमत आहे की नाही? कारण आपल्या गावचा, आपल्या मातीतला, कसोटी क्रिकेट खेळणारा विदर्भाचा पहिला खेळाडू हासुद्धा यादवच. उमेश यादव. बर्डीवरून निघालात तर तासाभरात त्याच्या वलनीला पोचाल. पण त्याची जर्सी घ्यायला बर्डीवर कुणी थांबत नाही, राजेहो!

मी फ्रीलान्सर आहे. आमच्या धंद्यात कॉल येतो तो बऱ्याचदा 'रेग्युलर माणूस सुट्टीवर आहे, तू करशील का?' असाच. त्यामुळे असेल कदाचित, पण उमेशच्या करिअरकडे मी नेहमी जरा जास्त लक्ष देऊन बघत आले. दुसऱ्या कुणाच्या पायाला दुखापत झाली की याला फोन. तो माणूस बरा झाला की हा पुन्हा बाकावर. तुमच्या ऑफिसातही असा एक जण असेल. नसेल, तर तो बहुधा तुम्हीच आहात!

कोळशाच्या कॉलनीतला बबलू

२५ ऑक्टोबर १९८७ चा जन्म. घरचं नाव बबलू. वडील तिलक यादव उत्तर प्रदेशातून कामासाठी इकडे आले आणि वेस्टर्न कोलफिल्ड्सच्या वलनी खाणीत नोकरीला लागले. खापरखेड्याजवळच्या या पट्ट्यात पोरांची स्वप्नं साधी असतात. सैन्य, पोलिस, नाही तर खाण. मुलाला सरकारी नोकरी लागावी, एवढंच तिलक यादवांचंही म्हणणं होतं. उमेशने दोन्हीकडे प्रयत्न केले. पोलिस कॉन्स्टेबलची भरती अवघ्या दोन मार्कांनी हुकली.

तोपर्यंत तो खेळत होता टेनिस बॉलने. विशीच्या उंबरठ्यावर येईपर्यंत लेदर बॉल त्याने नीट हातातही घेतला नव्हता. मुंबईतली पोरं दहाव्या-बाराव्या वर्षी मैदानावर पॅड बांधून उभी असतात, तिथे या वयात सुरुवात करणं म्हणजे पदवी झाल्यावर पहिल्यांदा कॉम्प्युटर सुरू करण्यासारखं. पण टेनिस बॉलने एक गोष्ट दिली होती, ती म्हणजे वेग. हलका चेंडू जोरात टाकायचा तर अख्खं अंग झोकून द्यावं लागतं. तेच अंग लेदर बॉलच्या मागे लागलं आणि चेंडू ताशी १४० किलोमीटरच्या वर पळू लागला.

२००७ मध्ये विदर्भ जिमखाना क्लब, नोव्हेंबर २००८ मध्ये रणजी पदार्पण. विदर्भाचा तेव्हाचा कर्णधार प्रीतम गंधे याने या पोरावर विश्वास टाकला. पहिल्याच मोसमात ४ सामन्यांत २० बळी. मग दुलीप ट्रॉफीत त्याने राहुल द्रविड आणि लक्ष्मण या दोघांना बाद केलं आणि नागपूरच्या बाहेरही लोक विचारू लागले, हा कोण?

२०१० मध्ये दिल्लीच्या आयपीएल संघात, त्याच वर्षी झिम्बाब्वेत पहिला वन-डे, आणि नोव्हेंबर २०११ मध्ये दिल्लीत वेस्ट इंडिजविरुद्ध पहिली कसोटी. प्रशांत वैद्य हा नागपूरकर नव्वदच्या दशकात भारताकडून वन-डे खेळला होता. पण कसोटीची टोपी? ती विदर्भात पहिल्यांदा या कोळसा कामगाराच्या मुलाच्या डोक्यावर आली. दोनच महिन्यांनी, जानेवारी २०१२ मध्ये, पर्थच्या उसळत्या विकेटवर त्याने ऑस्ट्रेलियाचे ५ गडी टिपले.

विशाखापट्टणमचं भूत

आता वादाकडे येऊ. उमेशचा वाद पार्टी, अफेअर, मारामारी असल्या चटपटीत कॅटेगरीतला नाही. त्याचा वाद आहे एका आकड्याचा. चौदा.

ऑक्टोबर २०१८. हैदराबाद कसोटीत वेस्ट इंडिजविरुद्ध उमेशने सामन्यात १३३ धावांत १० बळी घेतले. मायदेशी एका कसोटीत दहा बळी घेणारे भारतीय वेगवान गोलंदाज त्याआधी दोनच होते, कपिल देव आणि श्रीनाथ. म्हणजे करिअरचा शिखरक्षण! त्यानंतर दहाच दिवसांनी, २४ ऑक्टोबरला, विशाखापट्टणमला वन-डे. कोहलीने नाबाद १५७ ठोकल्या, दहा हजार धावांचा टप्पा ओलांडला. शेवटच्या षटकात वेस्ट इंडिजला हव्या होत्या १४ धावा. चेंडू उमेशच्या हातात. शाय होपने शेवटच्या चेंडूवर चौकार मारला आणि सामना टाय. तो उमेशचा शेवटचा वन-डे ठरला.

पुढे ऐका. जानेवारी २०१९, वायनाड, रणजीची सेमी फायनल. उमेशने केरळला पहिल्या डावात ४८ धावांत ७ आणि दुसऱ्या डावात ३१ धावांत ५ असं उडवलं. सामना दोन दिवसांत खल्लास. विदर्भ फायनलमध्ये गेला आणि जामठ्यावर सौराष्ट्राला हरवून सलग दुसऱ्यांदा रणजी चॅम्पियन झाला. आणि महिनाभरात, २४ फेब्रुवारीला, पुन्हा विशाखापट्टणम. ऑस्ट्रेलियाविरुद्ध टी-ट्वेंटी. भारताने केलेल्या जेमतेम १२६. बुमराने एकोणिसाव्या षटकात दोन धावा देऊन दोन बळी काढले. शेवटच्या षटकात हव्या होत्या, बरोबर ओळखलंत, १४. चेंडू पुन्हा उमेशकडे. ऑस्ट्रेलियाने शेवटच्या चेंडूवर सामना काढला.

त्या रात्री इंटरनेटवर उमेशची जी धुलाई झाली ती विचारू नका. मीम्स, जोक्स, शिव्या. बुमराने सामन्यानंतर त्याची बाजू घेतली. शेवटच्या षटकांत गोलंदाजी करणं कठीणच असतं, कधी जमतं, कधी नाही, असा त्याचा सूर होता. पण ऐकतो कोण? पुढचा टी-ट्वेंटी सामना खेळायला उमेशला साडेतीन वर्षं थांबावं लागलं.

मला या प्रकरणात कायम एक प्रश्न पडतो. अशा वेळी चेंडू त्याच्याच हातात का? उमेशची खरी ताकद म्हणजे नवा चेंडू बाहेर काढणं आणि जुना चेंडू रिव्हर्स करून स्टंप उडवणं. त्यासाठी चेंडू पुढे टाकावा लागतो, फलंदाजाला ड्राइव्हचं आमिष दाखवावं लागतं. शेवटच्या षटकाची कला वेगळी. तिथे हवा अचूक यॉर्कर, हवा वेगातला बदल. पुढे टाकण्याची सवय असलेला वेगवान गोलंदाज तिथे तसूभर चुकला की चेंडू थेट बॅटच्या मधोमध. मार्केटिंगच्या माणसाला ३१ मार्चच्या रात्री अकाउंट्सच्या क्लोजिंगला बसवायचं आणि सकाळी 'हा कामाचा नाही' म्हणायचं, त्यातला हा प्रकार. जमलं नाही हे खरंच. पण त्याच्या बाकीच्या वर्षभराच्या कामाचं काय?

'घरचा शेर' आणि दुसरी बाजू

दुसरा शिक्का बसला तो 'फक्त भारतात चालणारा' हा. आकडे बघितले तर यात तथ्य आहे. ५७ कसोटींत १७० बळी, त्यातले शंभराहून जास्त भारतात. पण जरा थांबा. भारतातल्या विकेट म्हणजे फिरकीचं राज्य. अश्विन-जडेजा एका टोकाला ठाण मांडून बसलेले असताना वेगवान गोलंदाजाच्या वाट्याला षटकं येतात ती मोजकी. त्यात शंभर बळी काढणं परदेशातल्या हिरव्या विकेटइतकं सोपं नाही, उलट जास्त घामाचं आहे.

आणि परदेशात संधी मिळत होती कुठे? बुमरा, शमी, इशांत, नंतर सिराज. भारताच्या इतिहासातली सगळ्यात दमदार वेगवान फळी नेमकी याच्याच काळात जमली. डिसेंबर २०२० मध्ये मेलबर्नला पोटरी दुखावली आणि उमेश घरी परतला. गाबाचा तो ऐतिहासिक विजय झाला तेव्हा तो संघासोबत नव्हता. मग सप्टेंबर २०२१ मध्ये ओव्हलवर संधी मिळाली. इतक्या महिन्यांनी खेळून त्याने सामन्यात ६ बळी घेतले आणि भारत जिंकला. घरचा शेर म्हणे!

वन-डेतला २०१५ चा वर्ल्ड कप तर आपण साफ विसरलो. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडमध्ये झालेल्या त्या स्पर्धेत भारतातर्फे सर्वाधिक बळी कुणाचे? उमेशचे, १८. शमी नाही, अश्विन नाही.

फेब्रुवारी-मार्च २०२३

त्याच्या करिअरमधला एक महिना मला फार महत्त्वाचा वाटतो. जानेवारी २०२३ मध्ये बातमी आली, की नागपुरात प्लॉट घेण्याच्या व्यवहारात उमेशची ४४ लाखांची फसवणूक झाली आणि त्याच्या एका माजी व्यवस्थापकाविरुद्ध गुन्हा नोंदवला गेला. पैसा गेल्यापेक्षा विश्वासातला माणूस गेल्याचं दुःख मोठं असतं, हे प्लॉटच्या भानगडीत पडलेल्या कुठल्याही नागपूरकराला सांगायला नको.

फेब्रुवारीत जामठ्यावर ऑस्ट्रेलियाविरुद्ध कसोटी. घरचं मैदान, आणि उमेश बाकावर. त्याच महिन्यात वडील गेले. तेच तिलक यादव, ज्यांना मुलासाठी फक्त एक पक्की नोकरी हवी होती. ती इच्छाही तशी पूर्ण झाली होती म्हणा. २०१७ मध्ये क्रीडा कोट्यातून उमेशला रिझर्व्ह बँकेत असिस्टंट मॅनेजरची नोकरी मिळाली. कॉन्स्टेबलची परीक्षा दोन मार्कांनी हुकलेला पोरगा, बर्डीपासून हाकेच्या अंतरावर ज्या बँकेची भव्य इमारत आहे, तिचा अधिकारी झाला.

वडिलांना निरोप देऊन उमेश संघात परतला. १ मार्चला इंदूर कसोटी सुरू झाली. शमीला विश्रांती होती, म्हणून याला बोलावणं. भारत १०९ धावांत गारद. त्यातही याने खाली येऊन दोन षटकार हाणले. दुसऱ्या दिवशी ऑस्ट्रेलिया ४ बाद १८६ वरून १९७ वर संपली. उमेशचे आकडे : १२ धावांत ३ बळी. भारतातल्या कसोटींत बळींचं शतकही त्याच स्पेलमध्ये झालं. स्टंप उडताना तो फार नाचला नाही, ओरडला नाही. सामना भारत हरला आणि तो स्पेल हेडलाइनमधून खाली सरकला.

त्याच वर्षी जूनमध्ये ओव्हलवर जागतिक कसोटी अजिंक्यपदाची फायनल झाली. पुढच्या वेस्ट इंडिज दौऱ्यात त्याचं नाव नव्हतं. जानेवारी २०२४ मध्ये इंग्लंडविरुद्धच्या संघातही नाव आलं नाही, तेव्हा त्याने इन्स्टाग्रामवर एक ओळ टाकली. पुस्तकांवर धूळ बसली म्हणून गोष्टी संपत नाहीत, अशा अर्थाची. झालं! ही ओळ निवड समितीला टोमणा आहे का, यावर चर्चा रंगल्या. बारा वर्षांत या माणसाने उघड केलेली बहुधा सगळ्यात मोठी तक्रार ही, आणि तीसुद्धा कुणाचं नाव न घेता. नोव्हेंबर २०२४ च्या आयपीएल लिलावात मूळ किंमत होती दोन कोटी. बोली लागलीच नाही.

मग हिशेब काय?

ऑफिसातल्या अप्रेझलमध्ये एक मोठा घोळ असतो. बॉसला शेवटचे दोन आठवडे आठवतात, आधीचे पन्नास आठवत नाहीत. उमेशचं अप्रेझल आपण सगळ्यांनी मिळून असंच केलं. दोन षटकं, बारा चेंडू, चौदा आणि चौदा धावा. त्याच्या अलीकडे-पलीकडे दहा आणि बारा बळींचे सामने उभे आहेत, ते तारखांसह तपासता येतात.

शेवटच्या षटकात तो कमी पडला, हे मी नाकारत नाही. त्याच्यापेक्षा चांगले गोलंदाज त्याच काळात होते, हेही मान्य. पण जो कायम पर्याय म्हणून बोलावला गेला, त्याने ५७ वेळा कसोटीची जर्सी घातली. तो खेळू लागला तेव्हा रणजीत विदर्भाला कुणी मोजत नव्हतं. २०२५ मध्ये विदर्भाने तिसऱ्यांदा रणजी करंडक उचलला. हर्ष दुबेने त्या मोसमात ६९ बळी घेऊन स्पर्धेचा विक्रम केला, दानिश मालेवारसारखी पोरं फायनलमध्ये शतक ठोकू लागली. इथून भारताच्या संघापर्यंत रस्ता जातो, हे या पोरांना कुणी भाषण देऊन सांगितलं नाही. वलनीच्या एका पोराने तो आधी चालून दाखवला होता.

पुढच्या वेळी कट्ट्यावर कुणी विशाखापट्टणमचा जोक मारला, तर हसा खुशाल. फक्त त्याला एवढं विचारा, त्याच्या दहा दिवस आधी हैदराबादला काय झालं होतं?