सोनं वळवणारा टाका

इ.स. १२४६. पोप चौथे इनोसंट यांच्या नजरेस काही इंग्लिश धर्मगुरूंची वस्त्रं पडली. सोन्याच्या भरतकामानं ती नुसती लखलखत होती. हे काम कुठलं, पोपनी विचारलं. इंग्लंडचं, असं उत्तर आलं. झालं! इंग्लंडमधल्या सिस्टर्शियन मठांच्या प्रमुखांना लगोलग पत्रं गेली : असलं भरतकाम मिळवा आणि पाठवून द्या. मॅथ्यू पॅरिस या त्या काळच्या मठवासी बखरकारानं हा प्रसंग लिहून ठेवलाय. लंडनच्या व्यापाऱ्यांना या हुकमाचं मुळीच वाईट वाटलं नाही, असंही तो नोंदवतो. साहजिकच आहे, ते सांगतील ती किंमत मिळत होती!

आता जरा विचार करा. इंग्लंडात रेशीम पिकत नव्हतं, ते समुद्रापलीकडून आणावं लागे. तरीही १२९५ साली पोपच्या खजिन्याची यादी झाली, तेव्हा तिच्यात इंग्लिश भरतकामाच्या शंभराहून अधिक वस्तू निघाल्या. ‘ओपस अँग्लिकानुम’ या लॅटिन नावानं हे काम युरोपभर ओळखलं जाई. या एका बेटावरच्या कारागिरांना असं काय साधलं होतं?

त्याचं उत्तर शोधायला कापड उलटं करून बघावं लागतं.

आधी अडचण समजून घेऊ. भरतकामातला सोन्याचा धागा म्हणजे निव्वळ सोनं नव्हे. सोन्याचा मुलामा दिलेल्या चांदीची बारीक चपटी पट्टी रेशमाच्या धाग्याभोवती गुंडाळलेली असते. आपल्या पैठणीची पारंपरिक जर याच घडणीची. पण पैठणीत जर विणीतच बसते. भरतकामात मात्र धागा सुईनं कापडातून पुनःपुन्हा ओढावा लागतो, आणि तसं केलं तर ही पट्टी सोलून निघते. म्हणून बहुतेक ठिकाणी जर कापडावर नुसती अंथरतात आणि वरून रेशमाच्या बारीक टाक्यांनी जखडतात.

सोपी युक्ती, पण तिला दोन दुखणी. जखडणारे टाके वरच्या बाजूला असल्यानं तेच आधी घासतात, तुटतात, आणि सोनं सुटून लोंबू लागतं. शिवाय जरीनं गच्च भरलेलं कापड ताठर होतं. मिरवणुकीत चालणाऱ्या धर्मगुरूच्या खांद्यावरून ते झुळझुळत उतरणार कसं?

आता इंग्लिश कारागिराचा हात पाहा. लाकडी चौकटीवर कापड ताणलेलं आहे. वर जर, खाली लिननचा मजबूत दोरा. सुई खालून वर येते, जरीला वळसा घालते आणि ज्या छिद्रातून आली त्याच छिद्रातून परत खाली जाते. मग दोऱ्याला एक नेमका हिसका! त्या हिसक्यासरशी जरीचा इवलासा फास छिद्रातून मागच्या बाजूला ओढला जातो आणि लिननचा दोरा त्या फासात अडकून राहतो. वरून पाहाल तर दोरा गायब! दिसतं ते फक्त सोनं, आणि त्यात सुईच्या टोकाएवढी एक खळी.

एवढ्याशा हिसक्यानं काय काय साधलं, बघा. प्रत्येक खळीपाशी जर मुडपलेली असते, म्हणजे तिथं जणू एक बिजागरीच बसते. अशा हजारो बिजागऱ्या असलेलं सोनं अंगासरशी वळतं. जखडणारा दोरा मागे असल्यामुळे त्याला घर्षण लागत नाही, आणि सातशे वर्षांनंतरही सोनं जागच्या जागी राहतं. आणखी एक गंमत म्हणजे खळ्या कुठं पाडायच्या हे कारागिराच्या हातात असतं. त्या तिरप्या रांगेत पाडल्या की नागमोड उमटते, एकमेकींना छेदत नेल्या की शंकरपाळी. एकही वेगळा रंग न वापरता सोन्यावर सोन्याचीच नक्षी!

आता चेहऱ्यांकडे वळू. संत, देवदूत, मेरी, साऱ्यांचे चेहरे रेशमात भरलेले असतात. इथला टाका निराळा : प्रत्येक नवा टाका आधीच्या टाक्याच्या धाग्याला मधोमध चिरून वर येतो. त्यामुळे हव्या त्या वळणाची सलग, बारीक रेघ काढता येते. गालावर आलं की ही रेघ गोल गोल फिरू लागते. का बरं? कारण धाग्याची दिशा बदलली की रेशमाची चमकही बदलते. गोल फिरणाऱ्या टाक्यांवर प्रकाश पडला की सपाट कापडावर गाल चक्क फुगीर दिसतो!

हे करणारे हात कुणाचे? बहुतेकांची नावं हरवली, पण काही उरली. बरी सेंट एडमंड्सची मेबल तिसऱ्या हेन्री राजासाठी भरतकाम करत असे, राजाच्या हिशेबांत तिचं नाव आहे. याच राजानं वेस्टमिन्स्टर ॲबेच्या वेदीसाठी एक पडदा करवून घेतला. त्यावर चार स्त्रिया तीन वर्षांहून अधिक काळ राबल्या.

एवढा वेळ खाणारं काम किती दिवस परवडणार? १३४८ साली प्लेगची महामारी इंग्लंडात पोचली आणि माणसंच उरली नाहीत. पुढे आकृत्या वेगळ्या भरून मखमलीवर शिवण्याची झटपट पद्धत रुळली आणि तो हिसक्याचा टाका मागे पडला. सोळाव्या शतकातल्या धर्मक्रांतीत तर कितीतरी वस्त्रं सोनं काढून घेण्यासाठी जाळली गेली. उरलेल्यांतली बरीचशी इंग्लंडबाहेरच आहेत : इटलीत पिएन्झा आणि बोलोन्याला, स्पेनमध्ये टोलेडोला. आणि ‘सायन कोप’? चौदाव्या शतकाच्या सुरुवातीचा हा अर्धगोल झगा सायन मठाच्या जोगिणींनी परागंदा होताना बरोबर नेला, लिस्बनमध्ये जपला आणि एकोणिसाव्या शतकात मायदेशी आणला. आज तो लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयात आहे.

लंडनला जाल तेव्हा जालच, तोवर घरी एक करून पाहा. जाड कापड चौकटीत ताणा, वर जर ठेवा आणि खालून मजबूत दोऱ्यानं त्याच छिद्रातून वळसा घालून ओढा. जोर कमी पडला तर जर वरच राहते, जास्त झाला तर तुटते. या दोहोंमधला नेमका जोर बोटांना सापडला, की मग सुमारे तीन मीटर रुंद असलेल्या सायन कोपवर असे टाके किती पडले असतील, याचा हिशेब मांडायला बसा!