कोणत्या देशात किती बोलता येते?

१६ जून १९१८ रोजी अमेरिकेच्या ओहायो राज्यातल्या कँटन गावी युजीन डेब्स या समाजवादी नेत्याने युद्धाच्या विरोधात भाषण केले. पहिले महायुद्ध चालू होते आणि अमेरिका त्यात उतरलेली होती. डेब्स यांच्यावर खटला झाला, १० वर्षांची शिक्षा झाली, आणि सर्वोच्च न्यायालयाने ती एकमताने कायम केली. त्याआधी १० वर्षे, १९०८ साली, मुंबईत लोकमान्य टिळकांना ‘केसरी’तल्या लेखांबद्दल ६ वर्षांची शिक्षा झाली होती. टिळकांना शिक्षा देणारी सत्ता परकी होती. डेब्स यांना शिक्षा देणारे प्रजासत्ताक त्यांचे स्वतःचे होते, आणि भाषणस्वातंत्र्य आक्रसणारा कायदा संसदेने करू नये, हे त्या प्रजासत्ताकाने १७९१ मध्येच घटनेत लिहून ठेवले होते.

‘अमेरिकेत पहिल्यापासून काहीही बोलता येते’ हा आपल्याकडचा फार पक्का समज आहे. घटनेतली ती ओळ जुनी आहे, हे खरे. पण तिला आजचा अर्थ मिळायला पावणेदोनशे वर्षे लागली. भरलेल्या नाट्यगृहात ‘आग, आग’ अशी खोटी ओरड करण्याचे स्वातंत्र्य कोणालाच नसते, हा दाखला जगभर दिला जातो. तो न्यायमूर्ती ऑलिव्हर वेंडेल होम्स यांचा आणि १९१९ सालचा. ज्या खटल्यात तो दिला गेला, त्यात नाट्यगृह नव्हते आणि आगही नव्हती. सक्तीच्या सैन्यभरतीला विरोध करणारी पत्रके वाटल्याबद्दल एका समाजवादी कार्यकर्त्याला तुरुंगात पाठवणारा तो निकाल होता. बोलण्यावर बंधने हवीत म्हणून हा दाखला देणाऱ्यांनी तो कोणाविरुद्ध वापरला गेला होता, हेही ध्यानात ठेवावे.

आजची अमेरिकी कसोटी १९६९ सालची आहे. तीही ओहायोतल्याच एका खटल्यातून आली. आरोपी होता कू क्लक्स क्लॅन या वर्णद्वेषी संघटनेचा एक म्होरक्या. सर्वोच्च न्यायालयाने त्याची शिक्षा रद्द केली. बोलण्याने तत्काळ बेकायदा कृत्य घडावे असा हेतू असेल आणि ते तसे घडण्याची दाट शक्यताही असेल, तरच सरकारला शिक्षा करता येईल, असे न्यायालयाने ठरवले. याच वाटेने पुढे जात १९८९ मध्ये राष्ट्रध्वज जाळणे हेसुद्धा ५ विरुद्ध ४ अशा मतांनी संरक्षित अभिव्यक्ती ठरले. भारतात १९७१ च्या कायद्यानुसार त्याच कृत्याला ३ वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.

तरीही अमेरिकेत ‘काहीही’ चालत नाही. खरीखुरी धमकी, बदनामी, बालकांचे लैंगिक चित्रण या गोष्टींना तिथे संरक्षण नाही. शिवाय १७९१ ची ती घटनादुरुस्ती सरकारचे हात बांधते, मालकाचे नाही. खासगी नोकरीत एखादे मत मांडले म्हणून कामावरून काढले, तर ती त्या कर्मचाऱ्याच्या मदतीला येत नाही. समाजमाध्यम चालवणाऱ्या कंपनीने मजकूर काढून टाकला, तरी तेच.

युरोपकडे वळले की दुसरा समज भेटतो. ‘पाश्चात्त्य देश’ असे म्हणून सगळ्यांना एकाच रांगेत बसवले जाते. जर्मनीच्या १९४९ च्या मूलभूत कायद्यातले पाचवे कलम ‘सेन्सॉरशिप असणार नाही’ असे स्पष्ट सांगते. त्याच जर्मनीत ज्यूंचा वंशसंहार झालाच नाही असे जाहीरपणे म्हणणाऱ्याला ५ वर्षांपर्यंत शिक्षा होऊ शकते. अमेरिकेत हेच विधान कितीही संतापजनक असले, तरी गुन्हा नाही. हा फरक इतिहासातून आलेला आहे. लोकशाहीने दिलेली मोकळीक वापरूनच नाझी सत्तेपर्यंत पोहोचले, हे पाहिलेल्या पिढीने ती घटना लिहिली. लोकशाही उलथवू पाहणाऱ्यांपुढे लोकशाहीने निःशस्त्र उभे राहू नये, हा तिचा विचार होता. तो पटो वा न पटो, त्याची किंमत कोणी मोजली होती हे विसरून त्याला दडपशाही म्हणणे अन्यायाचे आहे.

हिटलरच्या आत्मचरित्राविषयीही असाच घोळ आहे. जर्मनीत ते कायद्याने बंद होते, असे सर्रास सांगितले जाते. प्रत्यक्षात युद्धानंतर त्याचे स्वामित्वहक्क बव्हेरिया राज्याकडे गेले आणि त्या राज्याने पुनर्मुद्रणाला परवानगीच दिली नाही. जुन्या प्रती बाळगणे किंवा विकणे हा गुन्हा नव्हता. २०१५ च्या अखेरीस हक्कांची मुदत संपली. लगेच जानेवारी २०१६ मध्ये म्युनिकच्या समकालीन इतिहास संस्थेने त्याची अभ्यासकांच्या विस्तृत टिपांसह आवृत्ती काढली. आपल्याकडे हे पुस्तक पदपथावर उघड्यावर मिळते, पण त्याच्या असत्यांची चिरफाड करणाऱ्या तशा टिपा शोधून सापडत नाहीत.

फ्रान्सची गोष्ट आणखी निराळी. तिथे १८८१ च्या मुद्रणस्वातंत्र्य कायद्यापासून ईशनिंदा हा गुन्हाच नाही. धर्माची, देवाची, प्रेषिताची टर उडवता येते. मात्र धर्म किंवा वंश यावरून माणसांच्या समूहाविरुद्ध द्वेष भडकवणे हा गुन्हा आहे, आणि १९९० पासून नाझींनी केलेला वंशसंहार नाकारणे हाही. ‘हा दुटप्पीपणा आहे’ असा आक्षेप अनेक मुस्लीम नागरिक घेतात. त्यामागची वेदना खोटी नाही. फ्रेंच कायद्याचे उत्तर असे की श्रद्धा ही कल्पना आहे आणि कल्पनेवर टीका करता येते. श्रद्धाळू हा माणूस आहे, त्याच्यावर द्वेषाचे रान उठवता येत नाही. ही रेषा व्यवहारात नेहमी स्वच्छ राहत नाही. पण ती कुठे ओढली आहे हे समजून न घेता फ्रान्सविषयी वाद घालण्यात अर्थ नाही.

स्वातंत्र्य एकाच दिशेने वाढत जाते, असाही समज आहे. डेन्मार्कने २०१७ मध्ये ईशनिंदेचे जुने कलम रद्द केले. जगभर टाळ्या पडल्या. पुढे कुराण जाळण्याचे प्रकार वाढले, परराष्ट्र संबंध ताणले गेले, आणि डिसेंबर २०२३ मध्ये त्याच संसदेने धर्मग्रंथांची जाहीर विटंबना गुन्हा ठरवणारा नवा कायदा केला. मधे फक्त ६ वर्षे गेली.

आता घटनांच्या अक्षरांविषयी. चीनच्या राज्यघटनेचे ३५ वे कलम नागरिकांना भाषण, मुद्रण, सभा, मिरवणूक, निदर्शने यांचे स्वातंत्र्य देते. उत्तर कोरियाच्या घटनेतही तसे कलम आहे. चिनी लेखक लिऊ शियाओबो यांनी ‘सनद ०८’ या जाहीरनाम्यातून लोकशाही सुधारणा मागितल्या, तेव्हा त्यांना डिसेंबर २००९ मध्ये ११ वर्षांची शिक्षा झाली. पुढच्या वर्षी त्यांना नोबेल शांतता पुरस्कार मिळाला, तो स्वीकारायला ते जाऊ शकले नाहीत. २०१७ मध्ये शिक्षा भोगत असतानाच ते वारले. उलट ऑस्ट्रेलियाच्या संघराज्य घटनेत भाषणस्वातंत्र्याची स्वतंत्र हमी नाहीच. राजकीय विषयांवर बोलण्याचे स्वातंत्र्य लोकशाहीत गृहीतच आहे, असे तिथल्या उच्च न्यायालयाने १९९२ मध्ये ठरवले. घटनेत हमी नसलेल्या देशातला पत्रकार आणि हमी असलेल्या देशातला पत्रकार यांच्यापैकी रात्री निर्धास्त कोण झोपतो, हे कलमांच्या यादीतून कळत नाही.

क्रमवारीतूनही ते पुरते कळत नाही. ‘सीमाविरहित वार्ताहर’ या संस्थेच्या २०२५ च्या निर्देशांकात १८० देशांत नॉर्वे पहिला, अमेरिका ५७ वी आणि भारत १५१ वा आहे. हा आकडा दरवर्षी भाषणस्वातंत्र्याचा निकाल म्हणून फिरवला जातो. तो आहे पत्रकारितेच्या स्थितीचा: राजकीय दबाव, मालकीचे अर्थकारण, कायदे, सामाजिक वातावरण आणि पत्रकारांची सुरक्षितता यांचा. म्हणूनच सामान्य नागरिकाला कायद्याने जास्त बोलू देणारी अमेरिका त्यात कमी बोलू देणाऱ्या जर्मनीच्या बरीच खाली आहे. भारताचा क्रमांक चिंतेचा आहे, ते झटकून टाकू नये. पण तो कशाचा क्रमांक आहे, हे माहीत असावे.

भारताविषयीचे गैरसमज सर्वांत जास्त, कारण आपण आपली घटना गृहीत धरून चालतो. मुंबईहून निघणाऱ्या ‘क्रॉस रोड्स’ या डाव्या साप्ताहिकाला मद्रास सरकारने आपल्या प्रांतात बंदी घातली. दिल्लीत ‘ऑर्गनायझर’ या उजव्या साप्ताहिकाला मजकूर आधी तपासून घेण्याचा आदेश निघाला. मे १९५० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही आदेश रद्द केले. सरकारने उत्तर म्हणून जून १९५१ मध्ये पहिली घटनादुरुस्ती केली आणि सार्वजनिक सुव्यवस्था, परराष्ट्रांशी मैत्री, गुन्ह्यास चिथावणी ही बंधनाची नवी कारणे आणली. त्याच दुरुस्तीने ही बंधने ‘वाजवी’ असली पाहिजेत, अशी अटही घातली. पुढे ज्या ज्या वेळी न्यायालयांनी सरकारचा हात धरला, तो बहुधा याच अटीच्या बळावर. पहिल्या दुरुस्तीवर टीका करणारे आणि तिचे समर्थन करणारे, दोघेही तिची अर्धीच बाजू सांगतात.

कलम १९(२) मध्ये आज बंधनाची ८ कारणे आहेत. ‘भावना दुखावणे’ हे त्यात नाही. धार्मिक भावनांबद्दलचे दंडविधानातले कलम मूळचे १९२७ चे आहे, आणि त्यातही हेतुपुरस्सर व दुष्ट हेतूने केलेला अपमान सिद्ध व्हावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाने १९५७ मध्ये ते टिकवले, ते सार्वजनिक सुव्यवस्थेच्या आधारावर. कोणी चिडले म्हणून बोलणारा आपोआप गुन्हेगार ठरत नाही.

‘भारत सगळ्याच बाबतींत मागे’ हेही खरे नाही. नोव्हेंबर २०१२ मध्ये बाळासाहेब ठाकरे यांच्या निधनानंतर मुंबई बंद राहिली. त्याविषयी फेसबुकवर प्रश्न विचारणारी पालघरची एक तरुणी आणि तिच्या मजकुराला पसंती देणारी तिची मैत्रीण, दोघींना अटक झाली. त्यातून माहिती तंत्रज्ञान कायद्याचे ६६-अ कलम सर्वोच्च न्यायालयात गेले आणि २४ मार्च २०१५ रोजी रद्द झाले. ऑनलाइन ‘अत्यंत आक्षेपार्ह’ संदेश पाठवणे गुन्हा ठरवणारे तसेच कलम ब्रिटनच्या २००३ च्या दळणवळण कायद्यात आहे, आणि ते अजून जिवंत आहे. कागदावर इथे भारत पुढे निघाला. पण २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयालाच कळले की रद्द झालेल्या कलमाखाली पोलीस अजून गुन्हे नोंदवत आहेत. २०२२ मध्ये ते थांबवण्याचे आदेश द्यावे लागले.

राजद्रोहाच्या बाबतीत चित्र नेमके उलटे. ज्या गुन्ह्याखाली टिळकांना मंडालेला पाठवले, तो ब्रिटनने स्वतःच्या भूमीवरून २००९ च्या कायद्याने पुसून टाकला. भारतात ते कलम २०२२ मध्ये स्थगित झाले. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत राजद्रोह या नावाचा गुन्हा नाही. मात्र देशाची एकता व सार्वभौमत्व धोक्यात आणणाऱ्या कृत्यांविषयीचे १५२ वे कलम आहे, आणि त्याची कमाल शिक्षा जन्मठेप आहे.

कायदा सारखा असूनही अनुभव वेगळा कसा होतो, ते दोन निकालांतून दिसते. आरक्षणावर टीका करणाऱ्या एका तमीळ चित्रपटामुळे दंगे होतील, असे सांगितले गेले तेव्हा १९८९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठणकावले की हिंसेच्या धमकीपुढे झुकून अभिव्यक्ती दडपता येणार नाही, सुव्यवस्था राखणे हे सरकारचे काम आहे. १९९९ मध्ये इंग्लंडच्या न्यायालयाने वेकफिल्डच्या चर्चपुढे प्रवचन करणाऱ्या एका स्त्रीबाबत तेच म्हटले: जमाव खवळला असेल, तर जमावाला आवरा. तत्त्व एकच. पण भारतात आजही चित्रपटाचा खेळ किंवा व्याख्यान रद्द होते ते बहुधा न्यायालयाच्या दारापर्यंत न जाताच, आयोजकाला आलेल्या एका फोनवर.

खटल्याचा कालावधी हीसुद्धा शिक्षाच असते. वसंत दत्तात्रेय गुर्जर यांची ‘गांधी मला भेटला’ ही कविता बँक कर्मचाऱ्यांच्या एका नियतकालिकात १९९४ मध्ये छापली गेली. अश्लीलतेचा खटला झाला. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला मे २०१५ मध्ये. थोर ऐतिहासिक व्यक्तींच्या बाबतीत कसोटी अधिक कडक लागेल, असे त्यात म्हटले गेले आणि कवीवरचा आरोप कायम राहिला. एका कवितेसाठी २१ वर्षे, आणि तीही खटल्याच्या सुरुवातीच्या टप्प्यावर. कायद्यांची तुलना करणाऱ्या तक्त्यांत हा रकाना नसतो.

शेवटी, बोलल्यावर शिक्षा आणि बोलण्याआधी परवानगी या दोन गोष्टी एकच समजल्या जातात. यातली दुसरी महाराष्ट्राच्या अगदी जवळची आहे. इंग्लंडमध्ये १७३७ पासून नाटकाची संहिता लॉर्ड चेंबरलेन या दरबारी अधिकाऱ्याकडून मंजूर करून घ्यावी लागे. ती पद्धत सप्टेंबर १९६८ मध्ये संपली आणि दुसऱ्याच दिवशी लंडनमध्ये ‘हेअर’ हे वादग्रस्त संगीत नाटक रंगमंचावर आले. आक्षेपार्ह काही असेल तर तिथे आता प्रयोगानंतर खटला भरावा लागतो. महाराष्ट्रात नाटकाची संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे आधी जाते. याच मंडळाशी झालेला विजय तेंडुलकरांच्या ‘सखाराम बाइंडर’चा झगडा मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेला आणि नाटकाच्या बाजूने निकाल लागला. नाटक वाचले, पद्धत राहिली. अमोल पालेकर यांनी २०१६ मध्ये तिलाच उच्च न्यायालयात आव्हान दिले. मराठी नाटककाराने तोच मजकूर कादंबरी म्हणून छापला, तर त्याला कोणाचीही पूर्वपरवानगी लागत नाही.