शेंगदाणे व मोसंबी यांचें घरगुती सरबत

गेल्या वैशाखांत श्रीगोंदें तालुक्यांतील एका बागाइतदारांच्या वस्तीवर जाण्याचा आम्हांस योग आला. विहिरीच्या पाण्यावर राखलेली कागदी लिंबाची बाग, तिच्या कडेला मोसंबीचीं शंभर-सव्वाशें झाडें, झाडांवर मृगबहाराचीं शेवटचीं फळें, आणि खळ्यांत वाळत घातलेल्या उन्हाळी भुइमुगाच्या शेंगा, असा सगळा थाट होता. यजमानांनीं मोठ्या अगत्यानें बसवून घेतलें आणि धाकट्या चिरंजीवांस फटफटीवर पिटाळून रस्त्यावरच्या दुकानांतून बाटलीबंद पेय आणविलें. रंग नारिंगी, चव गोड. पण बाटलीवरचीं बारीक अक्षरें वाचलीं तों फळाचा अंश नांवापुरताच निघाला. जो गृहस्थ टनावारी मोसंबी विकतो त्यानेंच पाहुण्यास रंगीत गोड पाणी विकत आणून पाजावें, हें आम्हांस रुचलें नाहीं. तसें आम्हीं त्यांस बोलूनहि दाखविलें. ते हंसून म्हणाले, “मोसंबीचा रस काढून ठेवला कीं कडू होतो, आणि शेंगदाणा कुणी पितं का?” या दोन्ही प्रश्नांचीं उत्तरें शोधण्यांत आमचा पुढचा महिना गेला. जें हातीं लागलें तें येथें देत आहों.

प्रथम कडूपणाचें पाहूं. मोसंबी कापून लगेच चाखली तर गोड लागते. तोच रस तासा-दोन तासांनीं, आणि तापविल्यास त्याहूनहि लवकर, कडवट होतो. पुष्कळांस वाटतें कीं फळच वाईट होतें. खरें कारण निराळें आहे. फळाच्या पांढऱ्या सालपटांत, फोडींच्या पापुद्र्यांत आणि विशेषेंकरून बियांत असें एक द्रव्य असतें कीं, जें मूळ स्थितींत कडू नसतें. रसांतील आंबटपणाशीं त्याचा संयोग झाला म्हणजे सावकाश त्याचें लिमोनिन नांवाच्या कडू पदार्थांत रूपांतर होतें. यंत्रांत सबंध फोडी बियांसकट भरडल्या म्हणजे हें द्रव्य रसांत उतरतें. म्हणून मोसंबी आडवी कापून हातानेंच पिळावी, शेवटचा थेंब काढण्याचा हव्यास धरूं नये, बिया ताबडतोब गाळून टाकाव्यात आणि रस अर्ध्या तासाच्या आंत संपवावा. कच्च्या फळापेक्षां पूर्ण पिकलेल्या फळांत हा दोष कमी असतो. सालीचा रंग हिरवट आहे म्हणून फळ कच्चें असें मात्र समजूं नये. आपल्याकडील मोसंबी उष्ण हवेंत पिकली तरी पुष्कळदां हिरवट-पिवळीच राहते.

मोसंबीचा व या जिल्ह्याचा संबंध जुना आहे. अकोलें तालुक्यांत भंडारदरा येथील धरण १९२६ सालीं पुरें झालें, आणि प्रवरेचे कालवे राहुरी, श्रीरामपूर, नेवासें या बाजूस बागाइताचें पाणी देऊं लागले. पुढें उंसानें त्यांतील पुष्कळ जमीन व्यापली. १९५० च्या सुमारास प्रवरेच्या कांठीं विठ्ठलराव विखे पाटील आणि अर्थशास्त्रज्ञ धनंजयराव गाडगीळ यांच्या प्रयत्नांनीं सहकारी साखर कारखाना उभा राहिला, त्यानंतर तर उंसाचेंच राज्य झालें. तरीहि मोसंबी गेली नाहीं, आणि श्रीगोंदें-कर्जतकडील लिंबाचें नांव व्यापाऱ्यांच्या तोंडीं कायम आहे. राहुरीच्या महात्मा फुले कृषि विद्यापीठानें निवडलेल्या लिंबाच्या ‘साई सरबती’ या वाणाचें नांवच सरबतावरून पडलें आहे. असें असतां घरांतलें सरबत मात्र मागें पडावें!

आतां शेंगदाण्याकडे वळूं. फळाच्या रसांत बदाम वांटून घालण्याची रीत जगांत अनेक ठिकाणीं आहे. आपल्याकडील थंडाई सर्वांस ठाऊकच आहे. पण बदाम आपल्या शेतांत पिकत नाहीं. भुईमूग पिकतो, आणि भाजलेल्या शेंगदाण्याचा खमंगपणा बदामास नाहीं असें आमचें स्पष्ट मत आहे. अमेरिकेंत जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर या कृष्णवर्णीय कृषिशास्त्रज्ञानें १९१६ सालीं शेंगदाण्याच्या १०५ पाककृतींची पुस्तिका शेतकऱ्यांसाठीं काढली होती. आपल्या देशांत मैसूरच्या केंद्रीय अन्न संशोधन संस्थेनें शेंगदाण्यांतील प्रथिन दुधांत मिसळून ‘मिलटोन’ नांवाचें पेय तयार केलें होतें. तेव्हां शेंगदाणा पितात, हें यजमानांस कळविण्यास हरकत नाहीं.

आमचा पहिला प्रयोग सपशेल फसला. शेंगदाण्याचें दाट, कोमट दूध काढून त्यांत दोन लिंबें पिळलीं. पाहतां पाहतां दूध फाटलें. वर पाणी, खालीं चोथा, आणि घरांतील मंडळी तोंडाला पदर लावून हंसत आहेत! कारण उघड आहे. शेंगदाण्याचें प्रथिन आंबट रसांत विरघळलेलें राहत नाहीं, त्याच्या गुठळ्या होतात. लिंबाच्या रसांत आम्लाचें प्रमाण शेंकडा ६-७ पर्यंत असतें. मोसंबीच्या रसांत तें अर्ध्या टक्क्याच्याहि खालीं राहतें. म्हणून रस मोसंबीचा घ्यावा आणि लिंबाचा केवळ वास घ्यावा. हा वास रसांत नसून सालीच्या वरच्या हिरव्या थरांतील तेलांत असतो. युक्ति साधी आहे: लिंबू स्वच्छ धुऊन पुसावें आणि जाडसर साखर त्याच्या सालीवर बोटांनीं चोळावी. साखर किंचित् ओलसर व हिरवट झाली कीं तेल उतरलें असें समजावें. पांढऱ्या थरापर्यंत घासूं नये, तो कडू असतो. बागेंत नुकतीच औषध-फवारणी झाली असेल तर तीं फळें या कामीं अजिबात घेऊं नयेत.

सहा माणसांपुरतें प्रमाण असें: शेंगदाणे १०० ग्रॅम, पाणी ६०० मिलिलिटर, मोसंबीचा रस एक लिटर (मध्यम आकाराचीं १२ ते १५ फळें), वरीलप्रमाणें लिंबाच्या सालीवर चोळलेली साखर चार चमचे, आल्याचा रस अर्धा चमचा आणि चिमूटभर सैंधव. शेंगदाणे मंद आंचेवर, डाग न पडूं देतां भाजावेत. कच्च्या दाण्यास हिरवट वास येतो आणि करपलेल्या दाण्यानें सरबत कडू होतें. सालें चोळून सुपांत पाखडावींत. मग दाणे चार तास पाण्यांत भिजवून, तें पाणी टाकून द्यावें, आणि मोजलेलें नवें पाणी थोडें थोडें घालीत पाट्यावर किंवा यंत्रांत गंधासारखें बारीक वाटावें. मलमलींतून गाळून तें दूध पांच मिनिटें उकळावें, सतत ढवळावें, नाहीं तर बुडाशीं लागतें. पुढें तें अगदीं गार झालें पाहिजे. बर्फ नसल्यास भांडें ओल्या फडक्यांत गुंडाळून वाऱ्यावर ठेवावें.

मोसंबी मात्र आयत्या वेळींच पिळावी. रसांत साखर, मीठ व आलें विरघळवून घ्यावें आणि एका हातानें रवी फिरवीत दुसऱ्या हातानें गार दूध बारीक धारेनें सोडावें. दुधांत रस ओतूं नये. रसांत दूध ओतावें. इतकें केलें तरी प्रथिनाचे कण थोडेबहुत जमतातच, पण ते इतके बारीक राहतात कीं जिभेस लागत नाहींत. पेला दहा-पंधरा मिनिटें तसाच ठेवला तर ते तळाशीं बसूं लागतात, म्हणून ढवळून लगेच प्यावें. वरून चमचाभर भाजक्या दाण्याचा जाडसर कूट पेरला तर उत्तमच. एकादशीस आपल्याकडे शेंगदाणा चालतो, त्यामुळें उपवासाच्या घरांतहि हें पेय अडत नाहीं.

येथपर्यंत जिभेची गोष्ट झाली. पण एका बाबतींत चूक झाली तर ती जिवावर बेतूं शकते, म्हणून तिजकडे वाचकांनीं नीट लक्ष द्यावें. १९६० सालीं इंग्लंडांत एक लाखाहून अधिक टर्की पक्षी अकस्मात् मेले. शोधाअंतीं दोष त्यांस चारलेल्या, ब्राझीलहून आलेल्या शेंगदाण्याच्या पेंडीचा निघाला. तींत एका पिवळट-हिरव्या बुरशीनें अफ्लाटॉक्सिन नांवाचें विष निर्माण केलें होतें. हें विष यकृतावर घाला घालतें, वर्षानुवर्षें पोटांत गेल्यास यकृताचा कर्करोगहि होतो. दाणे भाजल्यानें तें कांहीं अंशीं कमी होईल, परंतु पूर्ण जात नाहीं. उकळण्यावर तर मुळींच भिस्त ठेवूं नये. तेव्हां उपाय शेतांतच केला पाहिजे. काढणी वेळेवर करावी, शेंगा ढिगांत दडपून न ठेवतां पातळ पसरून वाळवाव्यात, आणि दाण्यांतील ओलावा ८ टक्क्यांच्या आंत आल्यावर मगच पोतीं भरावींत. शेंग हलवून दाणा खुळखुळ वाजला तर वाळवण बेताचें झालें असें समजावें. सरबताचे दाणे हातानें निवडावेत. सुरकुतलेले, काळवंडलेले, किडके, फुटलेले व बुरशीचे काढून टाकावेत. एकादा दाणा तोंडांत कडू लागला तर तो गिळूं नये. आणि हे टाकाऊ दाणे गाई-म्हशींपुढेंहि टाकूं नयेत, कारण त्या विषाचा अंश दुधांत उतरतो व तें दूध अखेर आपलींच मुलें पितात. पुष्कळ घरांत चांगला माल बाजारांत जातो आणि उरलासुरला घरीं खातात; या एका बाबतींत तरी ती काटकसर सोडावी.

शेंगदाणा कांहीं थोड्या माणसांस अजिबात सोसत नाहीं. अंगावर गांधी उठतात, प्रसंगीं श्वासहि अडतो. म्हणून पेला पुढें करण्यापूर्वीं नव्या पाहुण्यास विचारून घ्यावें.

लिंबाविषयीं थोडें सांगावयाचें राहिलें. आंबेबहाराचीं लिंबें पावसाळ्याच्या तोंडीं बाजारांत एकदम येतात आणि भाव पडतो. हस्तबहाराचें लिंबू उन्हाळ्यांत येतें, तें थोडें असतें व महाग विकतें. पडत्या भावांत तोडणीची मजुरीहि सुटत नाहीं, असें आमच्याजवळ कितीतरी जणांनीं बोलून दाखविलें आहे. त्यांतलीं निदान घरापुरतीं लिंबें पुढच्या उन्हाळ्यासाठीं राखतां येतात. एक लिटर रसास पावणेदोन किलो साखर व एक लिटर पाणी घ्यावें. पाक उकळून गाळावा, पूर्ण थंड झाल्यावर रस मिसळावा, आणि दर किलो मिश्रणास ०.६ ग्रॅम पोटॅशियम मेटाबायसल्फाईट थोड्या पाण्यांत विरघळवून घालावें. तें चिमटीनें न घालतां सोनाराकडून तोलून आणावें. उकळलेल्या बाटल्यांत भरून बुचें घट्ट लावावींत. दम्याच्या रोग्यास मात्र हें सरबत देऊं नये. शेंगदाण्याच्या दुधांतहि तें घालूं नये. त्याचा अनुभव आम्हीं घेतलाच आहे.

गाळून उरलेला शेंगदाण्याचा चोथा आमच्याकडे प्रथम उकिरड्यावर जात असे. आतां त्यांत ज्वारीचें पीठ, कांदा व हिरवी मिरची घालून त्याच दिवशीं थालिपिठें लावतात, आणि सरबतापेक्षां तींच आधीं संपतात.