सिनेमा आधी, कादंबरी नंतर : अॅलन डीन फॉस्टर यांची गोष्ट

तुम्ही 'श्यामची आई' वाचलं असेल किंवा आचार्य अत्रे यांचा त्यावरचा १९५३ सालचा सिनेमा पाहिला असेल. 'नटरंग'सुद्धा आधी आनंद यादव यांची कादंबरी होती, पडद्यावर ती नंतर आली. आपल्याकडे बहुतेक वेळा असंच होतं, आधी पुस्तक आणि मग सिनेमा.

अमेरिकेत उलटा प्रवासही चालतो. सिनेमाचं काम सुरू असतानाच पटकथेवरून कादंबरी लिहून घेतात आणि ती सिनेमाच्या आगेमागे दुकानात येते. अशी पुस्तकं लाखो लोक वाचतात, पण ती कोणी लिहिली हे फार थोड्यांना आठवतं. या कामातलं सगळ्यात ओळखीचं नाव म्हणजे अॅलन डीन फॉस्टर.

पत्राची झाली कथा

फॉस्टर यांचा जन्म १९४६ सालचा, न्यूयॉर्कचा. वाढले मात्र लॉस एंजेलिसमध्ये. तिथल्याच विद्यापीठात त्यांनी राज्यशास्त्र आणि मग चित्रपटकला शिकली. लेखनाची सुरुवात मजेशीर झाली. ऑगस्ट डर्लेथ या संपादकांना त्यांनी भयकथेच्या थाटात एक लांबलचक पत्र पाठवलं. डर्लेथ यांना ते इतकं आवडलं की त्यांनी ते कथा म्हणून विकतच घेतलं. १९७२ मध्ये पहिली स्वतंत्र कादंबरी आली. फ्लिंक्स नावाचा पोरका मुलगा आणि त्याचा पिप हा उडणारा छोटा साप ही त्यांची लाडकी जोडी त्या कादंबरीपासूनच वाचकांना भेटली.

बावीस भाग, दहा पुस्तकं

'स्टार ट्रेक'ची कार्टून मालिका १९७३-७४ मध्ये टीव्हीवर आली. तिचे २२ भाग होते, प्रत्येक अर्ध्या तासाचा. त्यांवरून पुस्तकं लिहायचं काम फॉस्टर यांच्याकडे आलं. पहिल्या सहा पुस्तकांत त्यांनी प्रत्येकी तीन भाग घेतले. मग उरले चार भाग आणि लिहायची होती चार पुस्तकं! एका छोट्या भागावर अख्खी कादंबरी उभी करायची, तर त्यात बरंचसं स्वतःचं घालावं लागणारच. फॉस्टर यांनी ते घातलं आणि वाचकांना ते आवडलं.

इथे या कामाचं मर्म कळतं. पटकथेचं एक पान म्हणजे पडद्यावरचा साधारण एक मिनिट. तिच्यात संवाद असतात, हालचाली असतात. पात्राच्या मनात काय चाललंय, त्या ग्रहावरची हवा कशी आहे, यंत्र चालतं कसं, हे सगळं लेखकाला भरावं लागतं. तेही सिनेमा न पाहता, कारण तो अजून पुरा झालेला नसतो. 'एलियन'च्या वेळी तर फॉस्टर यांना त्या भयानक प्राण्याचं चित्रसुद्धा दाखवलं नव्हतं. मग त्यांनी प्राण्याचं नेमकं वर्णन टाळलं आणि भीती वाचकाच्या कल्पनेवर सोडली.

मुखपृष्ठावर दुसऱ्याचं नाव

'स्टार वॉर्स' हा सिनेमा मे १९७७ मध्ये आला, पण त्याची कादंबरी १९७६ च्या अखेरीसच बाजारात होती. मुखपृष्ठावर नाव होतं दिग्दर्शक जॉर्ज लुकास यांचं. प्रत्यक्षात ती लिहिली होती फॉस्टर यांनी. गोष्ट लुकास यांची आहे, असं म्हणून त्यांनी याबद्दल कधी तक्रार केली नाही.

पुढची कथाही त्यांच्याकडूनच लिहून घेतली गेली. अट अशी, की सिनेमा फार चालला नाही तर त्या कथेवर कमी खर्चात दुसरा भाग काढता आला पाहिजे. म्हणून फॉस्टर यांनी ती धुक्यानं भरलेल्या ग्रहावर घडवली. धुक्यात मोठे सेट लागत नाहीत! सिनेमा तुफान चालला आणि तो स्वस्तातला दुसरा भाग कधी निघालाच नाही. १९७८ ची ती कादंबरी मात्र आजही वाचली जाते.

मर्यादाही होत्या. 'एलियन'च्या तिसऱ्या भागात एका लहान मुलीचा मृत्यू होतो. फॉस्टर यांना तो पटेना. त्यांनी कादंबरीत तिला वाचवायचा प्रयत्न केला, पण निर्मात्यांनी तो मान्य केला नाही. चौथ्या भागाचं पुस्तक मग त्यांनी लिहिलं नाही. २०१५ मध्ये 'स्टार वॉर्स'च्या नव्या सिनेमावर त्यांनी पुन्हा कादंबरी लिहिली, या वेळी स्वतःच्या नावानं.

हक्काच्या पैशांसाठी लढा

डिस्नेनं २०१२ मध्ये लुकासफिल्म आणि २०१९ मध्ये 'एलियन'चे हक्क असलेली फॉक्स कंपनी घेतली. फॉस्टर यांची जुनी पुस्तकं विकली जात होती, पण रॉयल्टी येत नव्हती. नोव्हेंबर २०२० मध्ये त्यांनी आणि अमेरिकेतल्या विज्ञानकथा लेखकांच्या संघटनेनं ही गोष्ट जाहीर केली. आपण आणि आपली पत्नी आजारी आहोत, हे पैसे गरजेचे आहेत, असं त्यांनी खुल्या पत्रात लिहिलं. कंपनीचं म्हणणं असं, की आम्ही हक्क विकत घेतले, जुनी देणी नाही. संघटनेचा सवाल साधा होता : असं चाललं तर कुठलाही करार टिकेल का? २०२१ मध्ये फॉस्टर यांच्यापुरता प्रश्न मिटला. इतर लेखकांसाठी संघटनेनं काम चालूच ठेवलं.

तुमच्यासाठी यात काय?

तुमच्या घरात कोणी वेबसिरीज, ऑडिओ कथा किंवा मुलांच्या कार्टूनसाठी लिहीत असेल, तर भारतातला कायदाही माहीत हवा. कॉपीराइट कायद्यानुसार लेखनाचे हक्क देण्याचा करार लेखी आणि सहीचा असावा लागतो. म्हणून सही करण्याआधी एवढं बघा :

• कुठले हक्क देताय, ते नेमकं लिहिलंय का?
• किती काळासाठी? मुदत लिहिली नसेल तर कायदा ती पाच वर्षं धरतो.
• कुठल्या प्रदेशासाठी? हे लिहिलं नसेल तर फक्त भारत धरला जातो.
• रॉयल्टी किती, आणि हिशेब कधी मिळणार?
• कंपनी दुसऱ्या कोणी घेतली, तर पैसे कोण देणार?

शेवटचा प्रश्न फॉस्टर यांच्या अनुभवातून आलेला आहे. कराराची प्रत घरी जपून ठेवा, कारण पुस्तक कधीकधी चाळीस वर्षंही विकलं जातं.