उंच झाडावरचा गडी

आपल्या गावात नारळ पाडायला गडी वर चढतो. खाली उभं राहून बघता बघता आपली मान दुखते. ते झाड असतं ६०-७० फूट. आता त्याच्या तिप्पट उंच झाड डोळ्यांपुढे आणा. त्यावर चढून त्याचा शेंडा तोडायचा! असं काम करणारी माणसं होती.

अमेरिका आणि कॅनडा या देशांच्या पश्चिम किनाऱ्यावर मोठी जंगलं आहेत. तिथे डग्लस फर नावाचं झाड वाढतं. ते २०० फूट उंच होतं, क्वचित ३०० फूटही. साधारण १९०० सालानंतर तिथले लाकूडतोडे ओंडके इंजिनानं ओढून आणीत. पण ओंडका जमिनीवरून घासत आला, की खुंटांत अडकतो. मग करायचं काय? एक उंच झाड उभंच ठेवायचं. त्याच्या माथ्याला कप्पी बांधायची आणि तिच्यावरून पोलादी तार सोडायची. तार वरून ओढते, म्हणून ओंडक्याचं तोंड उचललं जातं.

ही कप्पी बांधण्याआधी एक गडी वर चढे. त्याच्या पायांना लोखंडी काटे, कमरेला पट्टा. पट्ट्याची दोरी झाडाभोवती. दोरी वर झटकायची, दोन पावलं चढायचं, वाटेतल्या फांद्या छाटायच्या. कुऱ्हाडीचा घाव चुकून दोरीवर पडला, तर जीव गेला. म्हणून दोरीच्या पोटात पोलादी तार घालीत.

खरा धोका शेंड्याशी. जड शेंडा तसाच ठेवला तर ओढाताणीत झाड हेलकावे खाई, म्हणून तो तोडायचा. शेंडा कोसळला, की खोडाला मोठा हिसका बसे आणि गडी वरच झोके खाई. खोड उभं चिरलं तर दोरी आवळे आणि गडी चिरडला जाई.

पुढे झाडांऐवजी लोखंडी मनोरे आले. पण लाकूडतोड अजून जोखमीचीच आहे. २०२२ साली अमेरिकेत सगळ्या धंद्यांत मिळून दर लाख कामगारांमागे सुमारे ४ जण कामावर मेले. लाकूडतोड्यांत हाच आकडा सुमारे १०० होता.

आमच्या गावचा एक गडी कुजक्या दोरीवर भरवसा ठेवून चढला. दोरी तुटली. तो वाचला, पण पुन्हा आपल्या पायांवर उभा राहिला नाही. त्याची मुलं माझ्या शाळेत होती. थोरल्यानं शाळा सोडली आणि मजुरी धरली.

म्हणून मंडळी, झाडावर चढण्याआधी दोरी हातानं चाचपून बघा. एकटे चढू नका. खाली कुणाला तरी उभं करा. नवी दोरी महाग वाटते खरी, पण घरचा कर्ता माणूस त्याहून महाग आहे.