आज्याची नोंद

वर्धा जिल्ह्यातल्या केळझरहून सेलू जवळ, वर्धाही फार लांब नाही. पण जात पडताळणी समितीने दावा फेटाळला किंवा प्रमाणपत्रच रद्द केलं, तर तिथल्या कुठल्याच न्यायालयात दाद मागता येत नाही. 18 ऑक्टोबर 2001 पासून लागू झालेल्या राज्याच्या जात प्रमाणपत्र कायद्याने कलम 7(2) मध्ये एकच दार ठेवलं आहे: राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालय. म्हणून हा रस्ता नागपूर खंडपीठाकडे जातो. या याचिकांचे कागद कसे लागतात, ते मी जवळून पाहिलं आहे.

आधी वंशावळ मांडतात. पणजा, आजा, त्याचे भाऊ, त्यांची मुलं, आणि प्रत्येक नावासमोर एक कागद. कोतवाल बुकातली जन्ममृत्यूची नोंद, शाळेचं दाखल-खारीज, जुन्या बंदोबस्ताची नक्कल, कधी मोडीतून देवनागरीत उतरवून घेतलेलं पान. माना जमातीच्या कुटुंबाची फाइल असेल तर एका कागदावर ‘माना’ आणि दुसऱ्यावर ‘माना कुणबी’ असं हमखास सापडतं. लिहिणारा कोतवाल वेगळा, मास्तर वेगळा; आज्याला कुणी विचारून लिहिलं असेलच असं नाही. माना ही स्वतंत्र जमात आहे, तिने गोंडांशी नातं सिद्ध करण्याची गरज नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्ये सांगितलं. तरी ‘कुणबी’ हा जमातींच्या यादीबाहेरच्या जातीचा एक शब्द आजही अख्खी फाइल अडवू शकतो.

मग दक्षता पथकाचा अहवाल. ही पद्धत सर्वोच्च न्यायालयानेच 1994 च्या माधुरी पाटील खटल्यात घालून दिली. पथक घरी येतं, शाळेत जातं, कुळाचे देव, लग्नाच्या रीती, मयताचे विधी विचारतं. माना घरात नागदिवाळी या सणाबद्दल विचारणा होते. शहरात वाढलेल्या, वसतिगृहात राहिलेल्या पोरीला यातलं काही सांगता आलं नाही, की आदेशात ओळ येते: ‘आप्तभाव सिद्ध होत नाही’. मला ही ओळ अन्यायाची वाटते. शिकायला घराबाहेर पडा म्हणायचं, आणि पडली म्हणून तिच्या जमातीवर शंका घ्यायची. सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्ये आनंद खटल्यात, आणि 2023 मध्ये ठाकूर जमातीच्या प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठामार्फत स्पष्ट केलं, की ही आप्तभावाची चाचणी अंतिम कसोटी नव्हे. स्वातंत्र्यापूर्वीच्या कागदाचं वजन मोठं. तेव्हा त्या नोंदीतून कुणाला काही मिळणार नव्हतं, म्हणून ती विश्वासार्ह.

वर्धा जिल्ह्यात हा युक्तिवाद आणखी पुढे नेता येतो, आणि तो पुरेसा मांडला जात नाही असं मला वाटतं. अनुसूचित जमातींसाठीची कसोटीची तारीख 6 सप्टेंबर 1950. पण त्या वेळच्या यादीत विदर्भापुरत्या मेळघाट, गडचिरोली, सिरोंचा, केळापूर, वणी, यवतमाळ या तहसिलीच होत्या. वर्धा नव्हता. 1976 च्या दुरुस्ती कायद्याने हे क्षेत्रबंधन उठलं. म्हणजे सेलू तहसिलीतल्या शाळेत साठच्या दशकात ‘माना’ लिहिलं गेलं, तर तेही अनुसूचित जमातीच्या यादीतल्या सवलतीच्या आशेने असण्याची शक्यता कमी. आणि चुकीचं लिहिलं गेलं, तर दुरुस्त करून घ्यायला कुणाला फारसं कारणही नव्हतं.

न्यायालयात मात्र तुमची जात कोणती, हा प्रश्न सहसा विचारला जात नाही. अहवालाची प्रत दिली होती का? खुलासा वाचला का? हा जुना दाखला बाजूला ठेवला तर कारण कुठे आहे? सख्ख्या काकाला वैधता प्रमाणपत्र मिळालं असेल तर पुतणीला का नाही? या शेवटच्या प्रश्नाला 2010 च्या अपूर्वा निचळे निकालाचा आधार आहे. समितीने नीट कारणं दिली असतील तर न्यायालय पुरावा नव्याने तोलायला बसत नाही. अमरावतीच्या तेव्हाच्या खासदार नवनीत राणांचं, समितीने वैध ठरवलेलं जात प्रमाणपत्र उच्च न्यायालयाने 2021 मध्ये रद्द केलं. याच तत्त्वावर सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल 2024 मध्ये समितीचा निर्णय पुन्हा कायम केला. आणि यादीत नसलेली जात कुठलंच न्यायालय आत आणू शकत नाही. हलबा जमातीचा दावा करणाऱ्या कोष्टींबाबत 2000 च्या मिलिंद निकालाने ते पक्कं झालं.

याचिका मंजूर झाली तरी पुष्कळदा फाइल फेरविचारासाठी समितीकडेच परत जाते. या फेऱ्यांत वेळ जातो, आणि वेळच खरी किंमत आहे. रामटेकच्या उमेदवार रश्मी बर्वे यांचं प्रमाणपत्र मार्च 2024 मध्ये रद्द झालं, उमेदवारी गेली. नागपूर खंडपीठाने तो आदेश सप्टेंबरमध्ये रद्द ठरवला, तोवर लोकसभेची निवडणूक होऊन गेली होती. त्यांच्यामागे पक्ष होता, वकील होते. शेतमजुराच्या मुलीची प्रवेशाची तारीख याच वेगाने निघून जाते. अंतरिम आदेश मिळाला तर ती वर्गात बसते, पण शेवटी दावा टिकेल की नाही ही धास्ती घेऊन. समितीने कोतवाल बुकाचं ते पान पहिल्याच वेळी लक्ष देऊन वाचलं असतं, तर तिला नागपूरला यावंच लागलं नसतं.